दोघांच्या गोष्टीतला तिसरा

माझ्या मावशीच्या शेजारी बसून नाटक पाहणे हा एक स्वतंत्र अनुभव आहे. वयाने ती ऐंशीच्या पुढे गेलेली. कानाने जरा मंद, पण कोपराने फार तल्लख! रंगमंचावर काही मनाविरुद्ध घडू लागले की तिचे कोपर शेजारच्याच्या बरगडीत शिरलेच म्हणून समजावे. दोन वर्षांपूर्वी पुण्यात भरत नाट्य मंदिरात ‘संगीत सौभद्र’चा प्रयोग होता. मी तिला घेऊन गेलो. नाटक रंगत गेले. अर्जुन त्रिदंडी संन्याशाच्या वेषात येऊन बसला, बलरामदादा त्या यतीवर प्रसन्न झाले आणि त्यांनी खुद्द आपल्या बहिणीलाच त्याच्या सेवेला नेमले. सुभद्रा बिचारी अर्जुनासाठी झुरते आहे. आणि ज्याच्यासाठी झुरते आहे त्याच्याचपुढे नाइलाजाने उभी आहे. ऐन अशा वेळी माझ्या बरगडीत कोपर बसले आणि आपण कुजबुजतो आहोत अशा समजुतीने मावशी चांगल्या खणखणीत आवाजात म्हणाली, “अगं, तोच आहे तो! नीट बघ तरी!”

पुढच्या दोन रांगांनी वळून पाहिले. मी खुर्चीत शक्य तितका खाली सरकलो. पण गंमत अशी की, वळून पाहणाऱ्यांपैकी एकाच्याही कपाळाला आठी नव्हती. एक गृहस्थ तर हसून मान डोलावत होते. जणू त्यांच्याच ओठांवर आलेले मावशीने बोलून टाकले होते!

मध्यंतरात बटाटेवडा खाता खाता मी तिला छेडले, “मावशी, हे नाटक तू कितव्यांदा बघतेस?”

“मोजलंय कुणी? लग्नाआधी अण्णांबरोबर तीनदा. मग रेडिओवर. मग तुझ्या काकांबरोबर एकदा.”

“मग सगळं कृष्णाचं कारस्थान आहे, शेवटी लग्न लागतंच, हे तुला ठाऊक नाही?”

मावशीने माझ्याकडे अशा नजरेने पाहिले की मी अजून बालवर्गात असावा. “मला ठाऊक आहे रे,” ती म्हणाली, “पण तिला कुठे ठाऊक आहे?”

वाचकहो, मी आयुष्यभर प्रेमकथा वाचत आणि पाहत आलो आहे. खोटे कशाला बोलू, त्यांच्यापायी रडलोही आहे. घरी बायको-मुले, घराचे हप्ते, दुधाचे बिल असा व्यवस्थित संसार असलेला माणूस काळोखात बसून, जी दोन माणसे जगात कधी नव्हतीच त्यांच्यासाठी डोळे का पुसतो, हे कोडे मला कधी सुटले नव्हते. मावशीच्या त्या एका वाक्याने मात्र मला त्या कोड्याचा धागा सापडला असे वाटते.

नेहमीची उत्तरे मला माहीत आहेत. कुणी म्हणतात, नायक-नायिका देखणी असतात म्हणून. देखणी माणसे तर साबणाच्या जाहिरातीतही असतात. त्यांच्यासाठी कुणी हुंदका दिल्याचे ऐकिवात नाही. कुणी म्हणतात, विरह. आपल्या साहित्यशास्त्राने शृंगाराचे संभोग आणि विप्रलंभ असे दोन भाग पाडून विप्रलंभाला मोठा मान दिला, हे खरेच. पण नुसत्या ताटातुटीने काम भागत असते, तर रेल्वेच्या प्रत्येक फलाटावर आपण रडत उभे राहिलो असतो. ना. सी. फडक्यांनी ‘प्रतिभासाधन’मध्ये (१९३१) कथेच्या तंत्राचा मोठा हिरिरीने पुरस्कार केला. गुंतागुंत हवी, तिची उकल हवी. त्यांच्या कादंबऱ्यांनी दोन पिढ्यांच्या तरुण-तरुणींची झोप उडवली ती काही उगाच नव्हे. पण गुंतागुंत तर चोरांच्या गोष्टीतही असते. तिथे श्वास रोखला जातो, गळा दाटत नाही.

मग गळा दाटतो तो कशाने?

१९४५ साली इंग्लंडमध्ये डेव्हिड लीन यांनी ‘ब्रीफ एन्काउंटर’ नावाचा एक लहानसा, काळापांढरा चित्रपट काढला. नोएल कॉवर्ड यांच्या एका एकांकिकेवरून तो घेतला होता. दोघेही विवाहित, दोघेही सभ्य. ती एक मध्यमवर्गीय गृहिणी, तो एक डॉक्टर. स्टेशनावर तिच्या डोळ्यात कण जातो, तो काढून देतो, एवढ्यावरून ओळख. मग दर गुरुवारी भेटी. कथानक म्हणाल तर आपल्याकडच्या मासिकातल्या कथेत मावेल एवढे. पण त्याची सुरुवात पाहण्यासारखी आहे. स्टेशनावरच्या उपाहारगृहात गाडीची वाट पाहणारी माणसे आहेत. काउंटरवरची बाई आणि तिकीट तपासणारा गडी यांची थट्टामस्करी चालली आहे. कोपऱ्यातल्या टेबलाशी एक बाई आणि एक गृहस्थ गप्प बसले आहेत. एवढ्यात त्या बाईची एक बडबडी मैत्रीण येते, खुर्ची ओढून बसते आणि तिच्या तोंडाचा पट्टा सुरू होतो. गृहस्थाची गाडी लागते. तो उठतो, जाता जाता त्या बाईच्या खांद्यावर क्षणभर हात ठेवतो आणि निघून जातो. आपण हे पाहतो आणि आपल्याला काहीसुद्धा वाटत नाही. काय वाटायचे? ओळखदेख नसलेली दोन माणसे आहेत.

मग सगळी हकीकत आपल्याला कळते; म्हणजे ती बाई मनातल्या मनात आपल्या नवऱ्याला ती सांगू लागते. नवरा समोर शांतपणे शब्दकोडे सोडवतो आहे! आणि चित्रपट संपत आला की तोच प्रसंग पुन्हा येतो. तेच टेबल, तीच बडबडी मैत्रीण, खांद्यावर क्षणभर टेकलेला तोच हात. पण आता आपल्याला ठाऊक आहे की ही त्या दोघांची कायमची शेवटची भेट आहे. निरोपाचा एक शब्द बोलायला हवा होता, तेवढी दोन मिनिटेही त्या बाईच्या बडबडीने खाऊन टाकली. मी हा चित्रपट तीनदा पाहिला आहे आणि तिन्ही वेळा त्या हातापाशी माझा चष्मा धूसर झाला आहे. पहिल्या वेळी कोरडा गेलेला प्रसंग दुसऱ्या वेळी रडवतो, तो प्रसंग बदलला म्हणून नव्हे. आपल्याला माहिती झाली म्हणून.

प्रेमाच्या गोष्टीत नायक आणि नायिका यांच्याखेरीज एक तिसरा लागतो. तिसरा म्हटले की तुम्हाला लगेच खलनायक आठवेल, किंवा तिची सख्खी मैत्रीण, नाहीतर त्याचा श्रीमंत प्रतिस्पर्धी. तो तिसरा नव्हे. मी म्हणतो तो तिसरा काळोखात बसलेला असतो. नायकाच्या मनातले नायिकेला ठाऊक नाही, नायिकेच्या मनातले नायकाला ठाऊक नाही. दोघांचेही ठाऊक आहे ते फक्त या तिसऱ्याला. आणि त्याला काहीही करता येत नाही! फार तर शेजाऱ्याच्या बरगडीत कोपर मारता येते.

हे मर्म आपल्याकडे फार पूर्वी ओळखले गेले होते, याचा सज्जड पुरावा कालिदासाने ठेवला आहे. शकुंतलेची कथा त्याने महाभारतातून घेतली. पण महाभारतातली कथा काय आहे? तिथे शाप नाही, अंगठी नाही. शकुंतला मुलाला घेऊन राजसभेत येते. दुष्यंताला सर्व काही आठवते आहे, तरीही तो लोकापवादाच्या भयाने चक्क नाही म्हणतो. शकुंतला त्याला भर सभेत असे काही सुनावते की वाचताना ऊर भरून यावा. मग आकाशवाणी होते आणि राजा मुलाचा स्वीकार करतो. ही हक्काची कथा झाली. ती वाचून शकुंतलेचा अभिमान वाटतो, राजाचा राग येतो. गळा मात्र दाटत नाही.

कालिदासाने तिच्यात दुर्वासाचा शाप घातला. राजाची सचोटी वाचवण्यासाठी त्याने ही युक्ती केली, असे आम्हाला शाळेत शिकवले होते. असेल. पण शाप उच्चारला जातो तेव्हा तो ऐकतो कोण, ते पाहा. शकुंतला आपल्याच विचारात बुडालेली. तिला तो ऐकू येत नाही. राजा दूर हस्तिनापुरात. ऐकतात त्या अनसूया आणि प्रियंवदा, आणि आपण. प्रियंवदा मोठ्या विनवण्या करून एवढेच पदरात पाडून घेते की ओळखीची खूण दाखवली की शाप सुटेल. आणि मग दोघी ठरवतात की शकुंतलेचे मन फार कोवळे, तिला हे सांगायचे नाही! निरोपाच्या वेळी त्या तिला एवढेच बजावतात की राजाने ओळखायला वेळ लावला तर ती अंगठी दाखव. शकुंतला क्षणभर दचकते, आणि निघते. वाटेत अंगठी तीर्थाच्या पाण्यात गळून पडते, हेही तिला कळत नाही. राजसभेत ती बोट चाचपते, तेव्हा मला दर वेळी त्या दोन मैत्रिणींचा राग येतो. अगं, नीट सांगायचे होते ना! पण खरे सांगतो, तिच्याकडे पाहून मीही बहुधा तिला काही सांगितले नसते.

आणि इथेच एक मेख आहे. प्रेक्षकाला माहीत आहे आणि पात्राला नाही, एवढ्याने काम होत असते, तर संध्याकाळी दूरदर्शन संचावर चालणाऱ्या साऱ्या मालिका अजरामर झाल्या असत्या. तिथे काय दुसरे असते? नायकाची चिठ्ठी सासूच्या हाती पडते. नायिका दारातून पाहते तो नायकाच्या गळ्यात एक परकी मुलगी. ती त्याची चुलत बहीण असते हे आपल्याला ठाऊक, हिला नाही. मग चार महिने अबोला. अशा वेळी आमच्या घरात कुणाचा गळा दाटत नाही, चहा होतो. का? कारण ती भिंत खोटी आहे. “ही कोण?” एवढे दोन शब्द विचारले असते तर चार महिन्यांचे काम दोन मिनिटांत झाले असते, आणि ते न विचारण्याला त्या मुलीच्या स्वभावात काहीही कारण नाही. कारण आहे ते लेखकाच्या कराराचे!

‘सौभद्रा’तही दोन शब्दांत काम झाले असते, असे कुणी म्हणेल. खरे आहे; पण तिथे गुपित कृष्णाच्या हाती आहे. सारे नीट होणार हे जाणणारा एक मिस्कील माणूस रंगमंचावर वावरतो आहे, म्हणून आपण निर्धास्तपणे तळमळतो. ही निर्धास्त तळमळ फार गोड असते. दिवाळीच्या दिवसांत तीच बरी वाटते.

पण जिथे कृष्ण नसतो आणि भिंत खरी असते, तिथे गोष्ट वेगळी. १९३९ साली पुण्याच्या प्रभात कंपनीने व्ही. शांताराम यांचा ‘माणूस’ काढला. त्याआधी चार वर्षे कलकत्त्याच्या ‘देवदास’ने हिंदुस्थानभर हाहाकार उडवला होता. प्रेमात हरलेल्या तरुणाने बाटली जवळ करून मरावे, असा जणू पायंडाच पडू पाहत होता. शांतारामबापूंचा नायक साधा पोलिस शिपाई. शाहू मोडकांनी केलेला हा गणपत मैना नावाच्या एका वेश्येला धाडीतून वाचवतो. मैना होत्या शांता हुबळीकर. त्या काळच्या गुळगुळीत पडदा-प्रेमाची टिंगलही बापूंनी या चित्रपटात मनसोक्त करून घेतली आहे. गणपत तिच्याशी लग्न करायला तयार आहे. तो तिला आपल्या आईकडे नेतो. आणि त्या भाविक, मायाळू म्हातारीच्या घरात पाऊल टाकल्यावर मैनेला आपला भूतकाळ सोसेनासा होतो. ती निघून जाते.

आता पाहा, इथे चिठ्ठी हरवलेली नाही, कुणी खोटेनाटे सांगितलेले नाही. गणपतचे प्रेम आहे हे तिला पुरते ठाऊक आहे. तिला ठाऊक नाही ते एवढेच की, आपण त्या प्रेमाला लायक आहोत. ते आपल्याला ठाऊक आहे, गणपतला ठाऊक आहे. जगात फक्त तिला ठाऊक नाही, आणि ते तिला कुणीही पटवू शकत नाही. पुढे ती तुरुंगात जाते. गणपत मात्र मरत नाही. तो अंगावर गणवेश चढवून पुन्हा जगायला लागतो. मला तर तो देवदासाच्या मरणापेक्षा जास्त रडवतो. देवदासाची भिंत त्याच्या स्वतःच्या कचखाऊपणाची. पारो आपण होऊन रात्री दारी आली असताना त्याला धीर झाला नाही. त्याची दया येते, पण दयेत थोडा वैतागही मिसळलेला असतो.

विल्यम वायलर यांचा ‘रोमन हॉलिडे’ (१९५३) तर सगळ्यांनीच पाहिलेला असतो, त्यामुळे लांबण लावत नाही. शेवटच्या पत्रकार-परिषदेत ओळीने उभ्या असलेल्या वार्ताहरांना वाटते की राजकन्या शिष्टाचारापुरते हस्तांदोलन करीत चालली आहे. त्यांतल्या एका हस्तांदोलनाचा अर्थ साऱ्या सभागृहात तिला, त्याला, त्याच्या फोटोवाल्या मित्राला आणि आपल्याला ठाऊक. मग ग्रेगरी पेक त्या रिकाम्या दालनातून एकटा चालत येतो. बस्स. दोघे एक शब्द भलता बोलत नाहीत. आजकालच्या चित्रपटातली जोडपी एकमेकांना आपल्या भावना इतक्या सविस्तर समजावून सांगतात की तिसऱ्याला करायला काही उरतच नाही. तो बेकार होऊन मोबाइल पाहू लागतो.

सगळ्यांत थोर उदाहरण मात्र मी राखून ठेवले होते. विदर्भातल्या पद्मपूरचा भवभूती, आठव्या शतकातला. त्याच्या ‘उत्तररामचरिता’चा तिसरा अंक ‘छाया’ या नावाने ओळखला जातो. रामाने सीतेला टाकले त्याला बारा वर्षे झाली आहेत. राम पंचवटीत येतो. आणि भागीरथीच्या कृपेने सीता त्याच वेळी, त्याच ठिकाणी, पण अदृश्य होऊन आली आहे. तिला सगळे दिसते. तिला मात्र रामही पाहू शकत नाही आणि वनदेवता वासंतीही पाहू शकत नाही. ओळखीची झाडे, तिने वाढवलेला हत्तीचा छावा, तिने नाचवलेला मोर पाहून रामाचा शोक अनावर होतो आणि तो मूर्च्छित पडतो. सीता पुढे होऊन त्याला स्पर्श करते. राम भानावर येतो. स्पर्श तर ओळखीचा, पण समोर कोणी नाही!

बारा वर्षे ही बाई एक प्रश्न उराशी धरून जगली आहे, की त्याने मला टाकले ते कर्तव्य म्हणून, की मी नकोशी झाले म्हणून? आणि आज त्याच्या नकळत त्याच्या तोंडून तिला उत्तर मिळते आहे. वासंती रामाला टोचून टोचून बोलते, तेव्हा अदृश्य सीता वासंतीवरच रागावते, की त्यांना आणखी का दुखवतेस! मध्येच राम बोलून जातो की अश्वमेधासाठी मला सहधर्मचारिणी आहे. सीतेच्या काळजाचा ठोका चुकतो. आणि राम वाक्य पुरे करतो: सीतेचीच सोन्याची मूर्ती. त्या एका दचकण्यासाठी भवभूतीला शंभर गुन्हे माफ आहेत.

इथे तर सीता स्वतःच तिसरी झाली आहे. आपल्यासारखीच काळोखात बसून, आपल्याच प्रेमाची गोष्ट पाहणारी. आणि सातव्या अंकात तो पाळी रामावर आणतो. गंगेच्या काठी वाल्मीकीचे नाटक होते, अप्सरा सीतेच्या त्यागानंतरची कथा करून दाखवतात, आणि प्रेक्षकांत बसलेला राम मध्येच कळवळून ओरडू लागतो. शेजारी बसलेल्या लक्ष्मणाला सांगावे लागते की दादा, हे नाटक आहे! प्रभू रामचंद्राचा हा प्रकार वाचल्यापासून मी मावशीच्या कोपराबद्दल तक्रार करणे सोडून दिले आहे.

एवढे सगळे जुने सांगितले, पण २०१६ साली ‘सैराट’ पाहताना हेच शस्त्र आपल्यावर उलटे चालवले गेले. नागराज मंजुळे यांनी पहिला तासभर आपल्याला अगदी सौभद्रातल्यासारखे गोड गोड खेळवले. विहीर, क्रिकेट, चोरटे कटाक्ष. गाण्यावर लोक खुर्च्या सोडून नाचले. आर्ची आणि परशा पळून हैदराबादला गेले, हाल काढले, संसार उभा राहिला, मूल झाले. आणि मग एके दिवशी आईने पाठवलेल्या भेटवस्तू घेऊन आर्चीच्या माहेरची माणसे दारात आली. आर्ची हरखून गेली. चहा ठेवायला वळली. चित्रपटगृहातल्या प्रत्येकाला त्या क्षणी कळले की ही माणसे कशाला आली आहेत. वर्तमानपत्र वाचणाऱ्या प्रत्येक मराठी माणसाला ते कळणारच. तिला कळले नाही. कारण माहेर आले होते, आणि माहेर आले की बाई चहाच ठेवते. माझ्या मागच्या रांगेतली एक मुलगी त्या वेळी “नको, नको, नको” असे पुटपुटत होती. पुढे पडद्यावरचा सगळा आवाज गेला, लहानग्याची रक्ताळलेली पावले तेवढी राहिली, आणि दिवे लागल्यावर कितीतरी वेळ कुणी उठले नाही. ती भिंत लेखकाने बांधलेली नव्हती. ती आपण बांधलेली होती.

पण मला त्या सौभद्राच्या रात्रीचे राहिलेले सांगायचे आहे. प्रयोग संपला, आम्ही रिक्षात बसलो. मावशी खुशीत होती. मी सहज विचारले, “काका आले होते म्हणालीस सौभद्राला. त्यांना आवडलं होतं?”

“तुझ्या काकांना काय आवडलं आणि काय नाही, ते कधी कुणाला कळलं?” ती म्हणाली. मग थोड्या वेळाने आपण होऊनच बोलू लागली.

काका एका सरकारी कचेरीत कारकून होते. अबोल माणूस. आमची आजी, म्हणजे मावशीची आई, तेव्हा मावशीपाशीच असायची. अंथरुणाला खिळलेली. तिचे सारे मावशीच करायची. काकांच्या बरोबरीचे लोक बढती घेऊन नागपूर-औरंगाबादला गेले, मोठे साहेब झाले. काका होते तिथेच राहिले. दर वर्षी घरी येऊन सांगायचे, “यंदाही नाव नाही आलं.” मावशीचा स्वभाव तेव्हाही असाच, फटकळ. तुमच्यात धडाडीच नाही, साहेबापुढे तोंड उघडायला नको, असे ती त्यांना चारचौघांत सुद्धा बोलायची. ते हसायचे आणि पेपर वाचायचे.

काका जाऊन अकरा वर्षे झाल्यावर कुणाच्या तरी मुंजीत त्यांचे एक जुने सहकारी मावशीच्या शेजारी जेवायला बसले. बोलता बोलता म्हणाले, “वहिनी, तुमच्या यजमानांसारखा माणूस पाहिला नाही. तीनदा बढतीचा हुकूम आला, तिन्हीदा लेखी नकार दिला. म्हणाले, सासूबाई अशा आहेत, हिला इथून हलता यायचं नाही. आणि घरी सांगू नका म्हणाले; सांगितलं तर ही मला एकट्याला पाठवेल.”

रिक्षा सिग्नलला थांबली होती. मावशी समोर पाहत होती.

“मी ताटावरून उठले नाही हो,” ती म्हणाली, “मुंजीचं जेवण. जिलबी वाढत होते. खाल्ली. काय करणार?”

मला काही बोलायला सुचले नाही. घर आले, तिने रिक्षावाल्याशी सुट्या पैशांवरून नेहमीसारखी हुज्जत घातली, आणि माझा हात धरून जिना चढली.

परवा तिचा फोन आला. सौभद्राचा प्रयोग पुन्हा लागला आहे, असे तिने कुठेतरी वाचले. “या वेळी जरा पुढची तिकिटं काढ,” म्हणाली, “मला नीट ऐकू येत नाही हल्ली.” मी तिसऱ्या रांगेतली काढली आहेत.